साडेचार ग्रॅमची नदी

थंडी पडली की नवी मुंबईतल्या सीवूड्सच्या डीपीएस तलावात फ्लेमिंगो उतरतात आणि मे महिन्यापर्यंत आसपासच्या इमारतींमधल्या बाल्कन्यांना पाहुण्यांची वाण पडत नाही. दुर्बीण, कॅमेरा, नातवंडं, सगळे खिडकीत. गुडघाभर खाऱ्या पाण्यात चोच उलटी बुडवून हे पक्षी जे गाळून खातात ते म्हणजे शैवाल आणि बारीक जीव. त्यांच्या पिसांचा गुलाबी रंगही त्याच खाण्यातून येतो. त्या तलावाच्या ओंजळभर पाण्यात काय काय जगत असेल याचा हिशोब लागणार नाही, आणि तो जितका लागणार नाही तितकं ते पाणी चांगलं.

आता त्याच इमारतीची लिफ्ट पकडून खाली क्लबहाऊसमध्ये या. पोहण्याच्या तलावाशेजारी निळ्या टाइल्सचा एक गोल टब आहे, त्यातून वाफ निघते आहे, बुडबुडे खदखदताहेत. आपण त्याला जकुझी म्हणतो. हे पाणी तलावाच्या अगदी उलट आहे. इथे माणसाखेरीज काहीही जगता कामा नये. म्हटलं तर केवढी साधी अट. पण शरीराच्या तापमानाचं, सतत ढवळलेलं, घामाचं खतपाणी मिळणारं पाणी निर्जीव ठेवणं हे निसर्गाच्या प्रवाहाविरुद्ध पोहण्यासारखं आहे. ते कसं जमतं, याची गोष्ट टबात बसून मिळणाऱ्या सुखापेक्षाही रंजक आहे.

सुरुवात कोकणातून करायला हवी, कारण गरम पाण्यात बसण्याची हौस आपल्याला क्लबहाऊसने लावलेली नाही. मराठीत ऊन म्हणजे सूर्याचा ताप आणि ऊन म्हणजे गरमही. आपण अजून ‘ऊन ऊन भात’ म्हणतो. पालीजवळचं उन्हेरे, रत्नागिरी जिल्ह्यातलं उन्हवरे, खानदेशातलं उनपदेव, किनवटजवळचं उनकेश्वर, या सगळ्या नावांत तेच ऊन पाणी झुळझुळतं आहे. सीवूड्सहून गाडीने दोन-अडीच तासांवर तानसा नदीकाठी वज्रेश्वरी, अकलोली आणि गणेशपुरीची कुंडं आहेत. हे झरे कुठल्या जिवंत ज्वालामुखीवर उकळत नाहीत. पावसाचं पाणी कातळाच्या भेगांतून खोल खोल मुरतं. जमिनीत दर किलोमीटरला साधारण 25 ते 30 अंशांनी उष्णता वाढते. उन्हवऱ्याचं पाणी 70 अंशांच्या आसपास वर येतं, म्हणजे ते किमान दीड किलोमीटर खाली जाऊन आलेलं असणार. कुठल्या तरी जुन्या पावसाळ्याचं पाणी आपल्या अंगाला शेक देत असतं.

या कुंडांची खरी मेख मात्र उष्णतेत नाही. एका बाजूने झरा येतो, दुसऱ्या बाजूने पाणी नदीकडे निघून जातं. अंगाचा घाम, तेल, मळ, सगळं त्याच्याबरोबर जातं. वाहतं पाणी चांगलं, हे आपल्याला घरात शिकवलेलं असतं आणि ते बऱ्याच अंशी खरं आहे. (बऱ्याच अंशीच, कारण सुट्टीच्या दिवशी माणसांची रीघ झऱ्याच्या वेगाला भारी पडते. अंगावर जखम असेल तर अशा कुंडात उतरू नये, आणि कोमट नैसर्गिक पाणी नाकात जाऊ देऊ नये. केरळात अलीकडच्या वर्षांत मेंदूज्वराला कारण ठरलेला अमीबा नाकावाटेच आत शिरतो.) डीपीएस तलावालाही भरती-ओहोटीची ये-जा हवी असते. ती अडली की तलाव आजारी पडतो.

जकुझीत ही ये-जा नाही. तेच पाणी पंपातून, फिल्टरमधून, हीटरमधून फिरून परत येतं. जकुझी हे एका घराण्याचं आडनाव. इटलीतून अमेरिकेत, कॅलिफोर्नियात गेलेल्या सात भावांनी आधी विमानाचे पंखे बनवले, मग पंप. त्यांतल्या कँडिडो जकुझी यांच्या मुलाला अगदी लहानपणी संधिवात जडला. रुग्णालयात गरम पाण्याच्या उपचाराने त्याला आराम पडे, म्हणून घरच्या बाथटबमध्ये सोडता येईल असा पंप या कुटुंबाने तयार केला. 1956 मध्ये तो बाजारात आला आणि 1968 मध्ये रॉय जकुझी यांनी पंप आणि टब एकत्र केले. झऱ्याचं सुख नदीपासून तोडून घरात आणलं ते असं. मात्र नदी जे काम फुकट करत होती ते आता कोणी करायचं, हा प्रश्नही टबाबरोबर घरात आला.

काम किती मोठं आहे ते शरीराकडे पाहिल्यावर कळतं. मानेपर्यंत पाण्यात बसलं की पाण्याचा दाब पायांतलं रक्त वर ढकलतो. सुमारे 700 मिलिलिटर रक्त छातीकडे सरकतं. हृदयाचे कप्पे ताणले जातात, शरीराला वाटतं अंगात पाणी जास्त झालं, आणि मूत्रपिंडांना हुकूम सुटतो की काढा बाहेर. पाण्यात बसल्यावर लघवीला का होते, याचं हे उत्तर. पाणी थंड असण्याशी त्याचा संबंध असलाच तर थोडा. त्याच वेळी 39-40 अंशांच्या पाण्यात अंगाला घाम सुटतो. आपल्याला तो कळत नाही, कारण तो सुटतो तिथेच धुतला जातो. घाम आणि लघवी या दोन्हींत युरिया असतो. शिवाय त्वचेचं तेल, डोक्याचं तेल, सनस्क्रीन, कपड्यांत राहिलेली साबणाची पावडर.

आता एक हिशोब करू. 25 मीटर लांब, साडेबारा मीटर रुंद आणि सरासरी दीड मीटर खोल तलावात सुमारे 4 लाख 69 हजार लिटर पाणी मावतं. जकुझीत 1,500 लिटर धरू. पाच जण बसले की माणशी 300 लिटर पाणी वाट्याला आलं. मोठ्या तलावात एवढी दाटी करायची तर त्यात दीड हजाराहून जास्त माणसं उतरवावी लागतील. तशा तलावात आपण पाय तरी घातला असता का? टबात मात्र पाच जणांना आपण ‘निवांत’ म्हणतो.

या गर्दीशी लढायला जे सोडलं जातं ते म्हणजे क्लोरीन. त्याची ओळख आपल्याला नळातूनच असते. नवी मुंबईच्या नळाला येणारं पाणी मुख्यतः खालापूरजवळच्या मोरबे धरणाचं. धावरी नदी अडवून बांधलेलं हे धरण नवी मुंबई महापालिकेच्या स्वतःच्या मालकीचं आहे, आणि पाणी भोकरपाड्याच्या केंद्रात शुद्ध होऊन शहरात येतं. गावाकडे हेच काम ग्रामपंचायतीचा कर्मचारी टीसीएल, म्हणजे ब्लीचिंग, पावडर विरघळवून करतो आणि ओटी टेस्ट करून पाहतो. परीक्षानळीतलं पाणी पिवळं झालं की क्लोरीन पोहोचला. नळाच्या पाण्यात शेवटच्या घरापर्यंत लिटरमागे किमान 0.2 मिलिग्रॅम क्लोरीन उरावा, असं भारतीय मानक सांगतं. जकुझीला लिटरमागे किमान 3 मिलिग्रॅम लागतो, म्हणजे पंधरा पट.

पंधरा पट ऐकून छातीत धस्स होतं, पण पुढचा आकडा पाहा. 1,500 लिटरला 3 मिलिग्रॅमने एकूण किती क्लोरीन झाला? साडेचार ग्रॅम. चहाच्या चमचाभर साखरेएवढा. ज्या कामाला कोकणात अख्खी नदी लागते ते इथे या चमचाभर वस्तूवर सोपवलेलं असतं. आणि टब सांभाळणाऱ्या अनुभवी लोकांचा ढोबळ हिशोब असा की, एक माणूस तासभर गरम टबात बसला की कित्येक ग्रॅम क्लोरीन फस्त होतो. चार मित्र गप्पा मारत पाऊण तास बसले तर पाण्यात जे होतं ते केव्हाच संपलं. टबाला स्वयंचलित डोस देणारं यंत्र नसेल, तर शेवटच्या अर्ध्या गप्पा नुसत्या गरम पाण्यात रंगलेल्या असतात.

पण चमचाभर क्लोरीन आहे एवढ्यानेही भागत नाही. तो कोणत्या रूपात आहे यावर सगळं ठरतं. पाण्यात क्लोरीनची दोन रूपं असतात. एक हायपोक्लोरस आम्ल, दुसरं हायपोक्लोराइट. पहिल्याच्या रेणूवर विद्युतभार नसतो, दुसऱ्यावर ऋणभार असतो. जीवाणूच्या आवरणावरही ऋणभार, त्यामुळे दुसरा रेणू दारातूनच परत फिरतो. पहिला सरळ आत शिरतो. जंतू मारण्यात तो दुसऱ्याच्या 80 ते 100 पट सरस आहे. गंमत अशी की, हा शोध माणसाने लावण्याआधी कितीतरी कोटी वर्षं तो निसर्गाने लावला होता. आपल्या रक्तातल्या पांढऱ्या पेशी जीवाणूला गिळल्यावर त्याला मारायला हेच हायपोक्लोरस आम्ल तयार करतात. टबातल्या पाण्याला जे बाहेरून द्यावं लागतं ते आपल्या अंगात आतच बनत असतं.

या दोन रूपांचा तराजू पीएचच्या हातात असतो. पीएच 7.5 च्या आसपास असताना क्लोरीन दोन्ही रूपांत निम्मा-निम्मा असतो. 8 वर गेला की कामाचं रूप जेमतेम पाव उरतं, 8.5 वर दहाव्या हिश्शापर्यंत घसरतं. म्हणजे पाणी तपासायच्या किटवर क्लोरीनचा आकडा तोच दिसतो, पण फौजेतले बहुतेक शिपाई झोपलेले असतात. म्हणून टबाचा पीएच 7 ते 7.8 मध्ये ठेवायचा.

आणि नेमके बुडबुडेच तो ठेवू देत नाहीत. पाण्यात थोडा कार्बन डायऑक्साइड विरघळलेला असतो आणि तो पाण्याला किंचित आम्लता देतो. गरम सोड्याची बाटली हलवली की काय होतं ते आठवा. जेट सुरू केले की टबातला हा वायू तसाच उडून जातो आणि पीएच चढत राहतो. जितकी मजा जास्त, तितका क्लोरीन दुबळा. हा चढ-उतार आवरायला पाण्यात आल्कलिनिटी बेताची ठेवतात. ती वाढवायला दुकानात चकचकीत डब्यात जे मिळतं ते बहुधा सोडियम बायकार्बोनेट असतं, म्हणजे ढोकळ्यातला खाण्याचा सोडाच. पीएच खाली आणायला मात्र आम्ल लागतं, आणि इथे एक गोष्ट ठणकावून सांगितली पाहिजे. आम्ल आणि क्लोरीनची पावडर एकाच बादलीत कधीही एकत्र करायची नाही, त्यातून विषारी क्लोरीन वायू सुटतो. दोन वेगळ्या प्रकारच्या क्लोरीनच्या पावडरीही एकमेकींत मिसळायच्या नाहीत, त्यांचा स्फोट होऊ शकतो.

आता सोसायटीत हमखास ऐकू येणारं एक वाक्य: “आज क्लोरीन फार टाकलाय बघा, डोळे चुरचुरताहेत, वास येतोय.” बिचारा पूलवाला दादा ऐकून घेतो. बहुतेक वेळा सत्य उलटं असतं. नुसत्या क्लोरीनला या प्रमाणात फारसा वास नसतो. युरिया आणि घामातल्या नायट्रोजनशी त्याची गाठ पडली की क्लोरामाइनं तयार होतात, आणि नाकात जातो तो त्यांचा वास. त्यांतलं ट्रायक्लोरामाइन तर पाण्यात न थांबता हवेत येतं, डोळे लाल करतं, बंद खोलीत खोकला आणतं. म्हणजे तो उग्र वास क्लोरीन भरपूर असल्याचा पुरावा नाही, तो खर्ची पडल्याचा पुरावा आहे. उपाय ऐकून आणखी नवल वाटेल: क्लोरीन वाढवा. अडकलेल्या क्लोरीनच्या दहापट मात्रा एकदम दिली की क्लोरामाइनं फुटतात आणि त्यांतला नायट्रोजन बराचसा हवेत निघून जातो. पूलवाले याला ‘शॉक देणं’ म्हणतात. शॉक दिल्यावर आकडे जागेवर येईपर्यंत टब बंद ठेवायचा असतो.

म्हणूनच किट कोणतं वापरता यालाही महत्त्व आहे. ओटीचा पिवळा रंग मोकळा आणि अडकलेला, दोन्ही क्लोरीन मिळून दाखवतो. पिण्याच्या पाण्याला ते चालून जातं. टबात मात्र पिवळा रंग आला म्हणून निर्धास्त राहणं म्हणजे हजेरीपट भरलेला पाहून काम झालं असं समजणं. डीपीडी नावाची चाचणी मोकळा क्लोरीन वेगळा दाखवते, आणि तिचा रंग फ्लेमिंगोसारखा गुलाबी असतो.

क्लोरीन झोपला की जागं कोण होतं? पहिला मान स्युडोमोनासचा. माठ दोन-चार दिवस आतून घासला नाही की बोटाला बुळबुळीत लागतं, तसाच थर टबाच्या पाइपांत धरतो आणि त्याच्या आत हा जीवाणू किल्ल्यात बसल्यासारखा बसतो. वरून आलेला क्लोरीन बाहेरच्या भिंतीवर संपून जातो. अशा टबात बसल्यावर काही तासांत किंवा एक-दोन दिवसांत अंगावर, विशेषतः पोहण्याचा पोशाख घट्ट बसला होता तिथे, केसांच्या मुळाशी लाल पुटकुळ्या येतात. बहुधा त्या आपोआप बऱ्या होतात, पण टबाने पाठवलेली ती तक्रारपत्रं असतात.

दुसरा, लिजिओनेला, जास्त गंभीर. 1976 मध्ये अमेरिकेत फिलाडेल्फियाच्या एका हॉटेलात माजी सैनिकांच्या ‘अमेरिकन लिजन’ या संघटनेचं अधिवेशन भरलं होतं. त्यातले कितीतरी जण न्यूमोनियाने आजारी पडले, अनेक दगावले, आणि जीवाणूला नाव मिळालं ते त्या संघटनेवरून. त्याचा आजार पाणी पिऊन होत नाही, पाण्याचे सूक्ष्म थेंब श्वासातून फुप्फुसात गेले की होतो. आणि बुडबुडा फुटताना नेमकं तेच करतो. फुटताक्षणी त्याच्या तळातून एक बारीक कारंजं वर उडतं आणि न दिसणारे थेंब हवेत सोडतं. समुद्राचा वारा खारट लागतो तोही लाटांच्या फेसातल्या अशाच बुडबुड्यांमुळे. फेब्रुवारी 1999 मध्ये नेदरलँड्सच्या बोव्हेनकार्सपेल गावी फुलांचं मोठं प्रदर्शन भरलं होतं. तिथे विक्रीसाठी मांडलेला एक टब नुसता शोभेला चालू ठेवलेला होता. 200 च्या आसपास लोक आजारी पडले, 32 जणांचा मृत्यू झाला. त्या टबात आंघोळीला कोणी उतरलं नव्हतं. लोक शेजारून फुलं बघत चालले होते, एवढंच.

आणखी एक सापळा आहे. उघड्यावरच्या तलावातला क्लोरीन उन्हाने लवकर उडतो, म्हणून त्याच्या गोळ्यांत सायन्युरिक आम्ल घातलेलं असतं. ते क्लोरीनला छत्रीसारखं सांभाळतं. पण ते स्वतः खर्च होत नाही, साठत जातं, आणि क्लोरीनचा हात धरून ठेवतं. तलावासाठी आणलेल्या त्याच गोळ्या टबात टाकल्या की काही आठवड्यांत टबातला क्लोरीन असून नसल्यासारखा होतो. अमेरिकेच्या रोगनियंत्रण केंद्राचा, म्हणजे सीडीसीचा, सल्ला स्पष्ट आहे: गरम टबात हे आम्ल वापरू नका.

तरीही, सगळं काटेकोर केलं तरी, साडेचार ग्रॅमच्या या नदीला एक गोष्ट जमत नाही. ती मळ जाळते, वाहून नेत नाही. जळाल्यावर उरणारे क्षार पाण्यातच राहतात, महिनाभरात पाणी जडावतं, फेसाळतं. मग टब रिकामा करून, पाइप धुऊन, घासून, मोरब्याचं नवं पाणी भरावं लागतं. रोज पाच जण बसत असतील तर दीड हजार लिटरच्या टबाला ही वेळ महिन्याच्या आतच येते. शेवटी खऱ्या नदीला पर्याय नाही, ती फक्त महिन्याने येते.

पाणी उत्तम असलं तरी शरीराच्या मर्यादा आहेतच. 40 अंशांच्या वर पाणी नको. त्या पाण्यात घाम सुटला तरी सुकत नाही, त्यामुळे शरीराला थंड होण्याची वाटच बंद होते. रक्तवाहिन्या सैल पडलेल्या असतात, म्हणून झटकन उभं राहिलं की डोळ्यांपुढे अंधारी येते. पंधरा मिनिटं पुरे. पाच वर्षांखालच्या मुलांना टबात उतरवू नये. गरोदर स्त्रियांनी, हृदयविकार किंवा रक्तदाबाची औषधं चालू असलेल्यांनी आधी डॉक्टरांना विचारावं. दारू पिऊन तर मुळीच उतरू नये.

पुढच्या वेळी क्लबहाऊसमध्ये गेलात की पूलवाल्या दादाला दोनच आकडे विचारा: मोकळा क्लोरीन किती आणि पीएच किती. कोणी विचारतंय म्हटल्यावर नोंदवही आपोआप नियमित भरली जाते. पाणी गढूळ असेल, वास मारत असेल, काठ बुळबुळीत लागत असेल तर परत फिरा. आणि सगळं ठीक असेल तर उतरण्याआधी स्वच्छतागृहात जाऊन या, मग शॉवरखाली एक मिनिट उभे राहा. त्या एका मिनिटात अंगावरचा बहुतेक मळ जातो, आणि चमचाभर क्लोरीन ज्या कामासाठी ठेवला आहे त्या कामाला उरतो. टबात आंघोळ करायची नसते. आंघोळ करून टबात बसायचं असतं.